पहिलं बाळंतपण आणि कलम तीन

नाशिक, ५ सप्टेंबर २०२५

योगिनी,

काल संध्याकाळपासून माझ्या निरोपांपुढे एकच खूण आहे. दुसरी उमटत नाही. सकाळी बातम्यांत कळलं, तिकडच्या सरकारने व्हॉट्सअॅप, फेसबुक सगळंच बंद केलंय. म्हणून हा ई-मेल. एरवी आपण काय लिहितो? 'जेवलीस का' आणि 'हो'. एका बापाला सरकारने पत्र लिहायला लावलं, एवढं श्रेय त्यांना द्यायला हवं.

आज शिक्षक दिन. द्वारका चौकातल्या स्पर्धा परीक्षांच्या क्लासमध्ये मुलांनी पेन दिलं. क्लासचा मालक संतोष माझाच जुना विद्यार्थी. तो म्हणतो, "सर, आशियातल्या राज्यघटना शिकवायला दुसरं कुणी तयार होत नाही." कसं होईल? जपानची टिपणं मी नोकरीला लागलो तेव्हाची आहेत, एक ओळ बदललेली नाही. नेपाळची चार वेळा नव्याने लिहिली. आणि माझ्या मुलीने लग्न करून राहायला नेमका तो देश निवडला.

मुद्द्यावर येतो. तुला पाचवा महिना. सातव्यात तू इकडे यायचंस. पहिलं बाळंतपण माहेरी. तुझी आई असती तर तिने हे एका फोनवर ठरवलं असतं आणि मला नंतर कळलं असतं. ती नाही, म्हणून मला बोलावं लागतंय, आणि मला फक्त घटनेची भाषा येते. तर, हा लिखित नियम नाही, संकेत आहे. संकेत मोडला तर न्यायालयात जाता येत नाही. वाट पाहणारा तसाच बसून राहतो, इतकंच.

गोजरा आत्या दुपारी मखमलाबादहून झेंडू घेऊन आली होती. उद्या विसर्जन, त्यामुळे बाजारात तिला दम घ्यायला वेळ नाही. तिला मी हा बेत सांगितला.

"बाप्या माणसाच्या घरी बाळंतीण? तिला न्हाऊ कोन घालंल? तू? पुस्तक वाचून?"

"तू आहेस ना."

"मी हाय. पन मला इचारलं का तू?"

मग तिला रीतसर विचारलं. ती म्हणाली, "आता कसं."

दोन्ही बाजूंचा ठराव झाला. तुझी सही तेवढी राहिली.

बाबा


नाशिक, १० सप्टेंबर

योगिनी,

रबीनचा फोन लागला तेव्हा आत्या माझ्या शेजारी बसली होती. दोन दिवस ती मळ्यात गेलीच नाही. पहिल्या दिवशी काठमांडूत तरुणांच्या मोर्चावर गोळीबार झाल्याची बातमी आली. किती मुलं गेली तो आकडा दर तासाला बदलत होता. दुसऱ्या दिवशी संसदेतून धूर. मी तिला समजावत होतो की योगिनी पाटणला राहते, पाटण आणि काठमांडूच्या मध्ये नदी आहे.

"नदी हाय म्हंजे पूल बी असंल," ती म्हणाली.

मी बातम्यांचा आवाज वाढवला.

रबीन म्हणाला, "बाबा, हम सब ठीक हैं. कोर्ट जल गया." मी विचारलं, फाइली? "वो भी." मग तो गप्प झाला. जावयाच्या गप्प बसण्याचा अर्थ मला एरवी लागत नाही. काल लागला. वकिलाचं घर शाबूत आहे आणि त्याच्या अशिलांचे कागद जळालेत, अशा वेळी घर शाबूत आहे याचा आनंद मोठ्याने सांगता येत नाही.

त्याची बहीण सिर्जना त्या मोर्चात होती आणि तू तिच्यामागे गल्लीच्या टोकापर्यंत पळालीस, हे तू मला सांगितलं नाहीस. रबीनने सांगितलं. त्याला रागावू नकोस. पाचव्या महिन्यात पळू नये असं कुठल्याही कलमात नाही, म्हणून मीही रागावत नाही.

विमानतळ उघडला की ये. सातव्याची वाट पाहू नकोस. माझी खोली हवेशीर आहे, ती तू घे. मी पुस्तकांच्या खोलीत झोपेन.

बाबा


नाशिक, २१ सप्टेंबर

योगिनी,

तुझं पत्र आलं. मोठं आलं. क्लासला जाताना रिक्षात वाचलं, आणि द्वारकेच्या वाहतुकीत अडकलो होतो म्हणून दुसऱ्यांदाही वाचून झालं.

आज मुलांना तुझ्याच देशाबद्दल सांगत होतो. 'तुझ्या' असं आता मीही लिहायला लागलो आहे. फळ्यावर कलमं लिहिली. पंतप्रधान लोकप्रतिनिधींतून यावा, असं घटना म्हणते. माजी सरन्यायाधीशाला सरकारी पद देऊ नये, असंही म्हणते. आणि तिथे आता माजी सरन्यायाधीशच पंतप्रधान आहेत. राष्ट्रपतींनी आधार घेतला तो घटनेचं पालन आणि रक्षण करण्याच्या स्वतःच्या कर्तव्याचा. पुढच्या बाकावरची सृष्टी म्हणाली, "सर, म्हणजे त्यांनी घटना मोडली की वाचवली?"

मागून कुणीतरी म्हणालं, "परीक्षेत पर्याय असतो का, 'वरील दोन्ही'?"

सगळे हसले. मीही हसलो. खरं उत्तर मला माहीत नाही.

तुमच्या चौकात घडलेलं तू लिहिलंस, ते मात्र मला पूर्ण दिसलं. संध्याकाळी शेजारी जमलेले, सिर्जनाच्या हातात मोबाइल, आणि तू त्यांना एकेक कलम वाचून समजावतेस. तुझ्या सासूबाई बाजूला पालकाच्या जुड्या बांधतात. तुझं नेपाळी त्यांना हसू येण्याइतपत आहे, पण घटना तुझ्याइतकी कुणाला येत नाही. माझीच विद्यार्थिनी. मग शेजारचा एक म्हातारा कौतुकाने विचारतो, "बुहारी, मत कोणाला देणार तू?" आणि सूनबाई सांगते की मला मत नाही. सासूबाई लगेच म्हणतात, चहा ठेव.

त्यामुळे तू तिथलं नागरिकत्व घ्यायचं म्हणतेस. नेपाळी माणसाशी लग्न केलेल्या बाईला ते मागता येतं, 'अंगीकृत' म्हणतात, हे मला माहीत आहे. मीच शिकवलंय. निवडणूक पाच मार्चला. मतदारांची यादी नोव्हेंबरात बंद होणार. त्याआधी तुला इथलं नागरिकत्व सोडण्याचा अर्ज दूतावासात द्यायचाय, आणि त्यासाठी पासपोर्ट हवा. तो इथेच राहिलाय, कारण नेपाळला जायला तो लागत नाही.

पाहतो. कपाटात असेल.

तू औषधं वेळेवर घेतेस ना?

बाबा


नाशिक, १४ ऑक्टोबर

योगिनी,

लोखंडी कपाटाचं कुलूप अडकलंय. किल्ली फिरते, पण खटका पडत नाही. दिवाळी तोंडावर आहे, माणूस मिळत नाही. मिळाला की तुझा पासपोर्ट पहिला काढतो.

तोपर्यंत एक विचार मांडतो. फक्त विचार.

मत ही मोठी गोष्ट आहे. पण निवडणुका पुन्हा येतात. नागरिकत्व सोडणं ही एका दिशेने जाणारी वाट आहे. आपल्याकडे दोन देशांचं नागरिकत्व चालत नाही. तू तिकडचं घेतलंस की इकडचं संपलं. तुझं तू ठरवशील. पण आता दोन जीव आहेत. समजा तू भारतीय असताना बाळ इथे जन्मलं. आई भारतीय, बाप रीतसर शेजारदेशाचा. असं बाळ जन्माने भारतीय. बापाकडून ते नेपाळचं 'वंशज', म्हणजे वंशाने नागरिक, आहेच. मोठं झालं की ते स्वतः निवडेल. आपण त्याच्या वतीने एक दार आजच का लावायचं?

हे मी बाळाच्या बाजूने म्हणतोय.

शिवाय डोहाळजेवणाचं आत्याने ठरवलंय. फुलांच्या वाडीला तिच्याच मळ्यातली शेवंती. तिने भावजया, पुतण्या, शेजारणी, सगळ्यांना सांगून ठेवलंय. तिला मी काय सांगू?

तुमच्याकडे कोर्ट तंबूत भरतं म्हणे. रबीनला थंडीचं एक जाकीट घेऊन ठेवलंय. तू येशील तेव्हा जाताना ने.

बाबा


नाशिक, ९ नोव्हेंबर

योगिनी,

तुझं दोन ओळींचं पत्र. 'बाबा, हे माहेरपण नाही, नागरिकत्व कायद्याचं कलम तीन आहे. आणि आपल्या कपाटाला कुलूप नाही, कडी आहे.'

मी ते छापून घेतलं. का, ते सांगता येणार नाही. बहुधा तुझी ओळ नीट वाचता यावी म्हणून.

आत्या आली होती. तिने कागद पाहिला, वाचून दाखव म्हणाली. वाचून दाखवला.

"कलम तीन म्हंजे?"

सांगितलं.

"म्हंजे पोरीला बाळंतपनाला बोलावतो ते बाळावर शिक्का मारायला?"

"तसं नाही."

"मग कसं?"

"गोजरा, बाळ परदेशी होईल."

"आरं, बाळाला काय कळतंय परदेशी! त्याला दूध कळतंय." मग ती खाली बसली आणि हळू बोलायला लागली. ती हळू बोलते तेव्हा मला भीती वाटते. "तिचा पासपोट हाय कुठं?"

"टेबलाच्या खणात."

"कधीपास्नं?"

उत्तराला न थांबता ती उठून गेली आणि खण उघडून तो घेऊन आली. निळं पुस्तक उघडून तुझा फोटो पाहिला. "केस किती तेल लावून चपटे केलेत गं माझ्या पोरीचे," म्हणाली. आणि तो माझ्या मांडीवर ठेवला.

पासपोर्ट अडवून ठेवण्याचा तो गाजलेला खटला मी तीस वर्षं शिकवला. माणसाचं परदेशी जाणं अडवायचं असेल तर त्याची पद्धत न्याय्य, रास्त आणि वाजवी असली पाहिजे, हे वाक्य मुलांना पाठ करायला लावलं. तू त्याच वर्गात बसायचीस, खिडकीजवळ. तुला ते वाक्य माझ्याआधी आठवलं असणार, आणि तरी तू ते पत्रात लिहिलं नाहीस. ते मी पाहिलं.

काल कुरियरवाल्याकडे गेलो. तो म्हणाला, "काका, पासपोर्ट बाहेरच्या देशात नाही पाठवत आम्ही. स्वतः घेऊन जा." परवाचं मुंबईहून विमान मिळतंय. मी घेऊन येतो. यादी बंद व्हायच्या आत होईल का ते कळव. उत्तर आलं की लगेच तिकीट काढतो.

बाबा


नाशिक, २६ नोव्हेंबर

योगिनी,

'आता नको येऊस, बाबा. दूतावासाची तारीखच यादी बंद झाल्यावरची मिळतेय.' त्यानंतर तू दोन आठवडे काही लिहिलं नाहीस. फोनवर बोलत होतीस, जेवलास का, हो. मी त्याला राग म्हणत होतो. परवाच्या पत्रावरून कळलं की तुला थकवा होता, पाय सुजले होते, आणि हो, रागही होता.

आज संविधान दिन. एका महाविद्यालयाने भाषणाला बोलावलं होतं. मुलांनी उद्देशिका एका सुरात म्हटली. 'आम्ही भारताचे लोक' इथे मी नेहमी थोडा सावरून उभा राहतो. आज माझ्या मनात आलं की ही ओळ म्हणणाऱ्यांत माझं नातवंड नसेल. ते दुसरी ओळ म्हणेल. ती मला येते. 'हामी सार्वभौमसत्तासम्पन्न नेपाली जनता.' मी मनातल्या मनात म्हणून पाहिली. म्हणता आली.

मग भाषणाला उभा राहिलो आणि मतदानाच्या हक्काबद्दल ठरवलेलं काहीच बोललो नाही. तुझं मत माझ्या टेबलाच्या खणात गेलं, आणि मी त्यावर भाषण करणार! श्रीलंकेवर बोललो. कुणाच्या लक्षात आलं नाही.

सूनबाईला म्हाताऱ्याने पुन्हा विचारलं का? विचारलं असेल तर काय सांगितलंस? मला कळवायचं नसेल तर नको कळवूस.

तू लिहितेस, प्रवास डॉक्टरांनी नको म्हटलाय, आणि म्हटला नसता तरी तू आली नसतीस. सिर्जना अजून रात्री दचकते, सासूबाईंचा तुझ्यावर भरवसा आहे, आणि बाळाने त्याच गल्लीत डोळे उघडावेत असं तुला वाटतं. बरं.

तुझ्या पत्राचा शेवटचा भाग मी आत्याला वाचून दाखवला. पाटणच्या नेवार लोकांत गरोदर मुलगी माहेरी जात नाही, बाळंतपणाआधी माहेरची माणसंच तिच्याकडे येतात, दही-पोहे घेऊन, आणि आपल्या हाताने भरवतात. सासूबाईंनी तुला विचारलं, तुझ्याकडून कोण येणार? आणि तू म्हणालीस, बघते.

आत्या ऐकत होती. म्हणाली, "पुन्हा वाच." पुन्हा वाचलं.

"मंग हे आधी सांगायचं ना. आपन हिकडं हाका मारीत बसलो."

बाबा


नाशिक, २० डिसेंबर

योगिनी,

गोरखपूरची दोन तिकिटं काढली. नाशिक रोडहून गाडी, पुढे सीमेवरच्या सोनौलीपर्यंत बस. दोन, कारण आत्या येतेय. "दही भरवायला बाप्या माणूस जातो का एकला? लोक हसतील माझ्या पोरीला." तिच्याकडे पासपोर्ट नाही. सीमेवर मतदानाचं कार्ड चालतं म्हटल्यावर तिने ते पिशवीत सगळ्यात वर ठेवलं. तुझा पासपोर्ट माझ्या शर्टाच्या आतल्या खिशात. तू पुढे त्याचं काय करायचं ते कर. मी त्यावर आता एक अक्षर लिहिणार नाही. बाळ वंशज असेल, तू अंगीकृत असशील, आणि आत्याच्या मते मी पाहुणा असेन. तीन वर्ग झाले. फळ्यावर छान दिसतील.

पोहे इकडून आणतोय. दही तुमच्याकडचं. सासूबाईंना सांग, आम्हाला भरवण्याची पद्धत माहीत नाही, चुकलं तर दाखवा. मला पद्धतीचं फार वेड आहे हे त्यांना सांगू नकोस.

इथे महापालिकेची निवडणूक लागली, तुला कळलं असेल. कित्येक वर्षं प्रशासकच होता. क्लासमध्ये दर वर्षी मी त्यावर एक तास बोलायचो, लोकनियुक्त सभागृहाविना शहर कसं चालवतात यावर. आता मतदान पंधरा जानेवारीला. डॉक्टरांनी तुला दिलेली तारीखही तीच, किंवा आसपास.

काल आपल्या प्रभागातला एक इच्छुक आला होता. नाव भारत, माझ्याच हाताखाली शिकलेला. अजून पक्षाचं तिकीट नाही, पण नमस्कार सुरू झालेत. आत्या अंगणात पोहे निवडत होती.

"मावशी, पंधरा तारखेला लक्ष ठेवा."

"पंधराला मी नेपाळात हाय."

त्याला ती चेष्टा वाटली. "मावशी, आधी मत टाका, मग नेपाळ करा!"

"अरे, भाची बाळंत व्हायची हाय माझी. तुझं काय, आज नाय तर पाच वर्सांनी. ते पोर थांबायचं नाय."

तो माझ्याकडे वळला. "सर, निदान तुम्ही तरी. तुमचं मत म्हणजे..."

मतदान मी कधी चुकवलेलं नाही. तुझी आई दवाखान्यात होती तेव्हासुद्धा मध्येच उठून रांगेत उभा राहून आलो होतो. ती म्हणाली होती, जा, नाहीतर तुम्हाला चैन पडायचं नाही. परत आलो तेव्हा तिने माझं बोट पाहिलं आणि हसली.

भारतला म्हणालो, "मीही नसेन."

"सर, तुम्ही? तुम्ही तर आम्हाला..."

"हो. मीच शिकवलं."

त्याने कारण विचारलं. मी सांगितलं नाही. तुलाही सांगणार नाही. पाच मार्चला तुझ्या गल्लीतली सगळी माणसं मत टाकून येतील आणि तू बाळाला घेऊन दारात बसलेली असशील. त्याची भरपाई माझ्या हातात नाही, आणि हे काही तसलं नाही.

आत्याला मात्र बरं वाटलंय. म्हणते, मतदानाची ती शाई दोन-दोन आठवडे बोटावरून जात नाही. नवं बाळ पहिल्यांदा हातात घ्यायचं तर बोटं कोरी असलेली बरी.

बाबा